मधला फोटो

कॅमेरा जिथं कधी उभाच राहिला नव्हता, तिथून काढलेला फोटो मी तुम्हाला करून देऊ शकतो! सत्त्याण्णव साली हे वाक्य मी कराडात ज्याला त्याला ऐकवत होतो. कॉलेजच्या कॅन्टीनमध्ये, एसटी स्टँडवर, केस कापून घेताना. तिथल्या एका इंजिनिअरिंग कॉलेजात मी कॉम्प्युटर शिकवायचो आणि पवईच्या एका कार्यशाळेहून नुकताच परतलो होतो. शरीराने परतलो होतो. डोकं अजून तिकडेच होतं.

युक्ती ऐकायला सोपी आहे. एखाद्या वस्तूचा एक फोटो डावीकडून घ्यायचा, एक उजवीकडून. दोन्हीतल्या सारख्या जागा ठिपके देऊन जुळवायच्या. मग ती वस्तू मधून कशी दिसेल, हे कॉम्प्युटर गणित करून दाखवतो. मी आमच्या चहाच्या किटलीवर प्रयोग केला. डावीकडची किटली, उजवीकडची किटली, आणि मध्ये कुणीही न काढलेल्या फोटोतली समोरची किटली! बायकोला, म्हणजे विनोदिनीला, बोलावून दाखवली.

ती म्हणाली, "किटली इथंच आहे की. मग सरळ समोरून काढायचा ना फोटो."

घरात शास्त्राची कदर म्हणून नाही.

पण माझाही दिवस आला. माझे सासरे नानासो वारले त्याला वर्ष होत आलं होतं, आणि वर्षश्राद्धाला पूजेत ठेवायला त्यांचा फोटोच सापडेना. फोटो होते, पण एकातही डोळे उघडे नव्हते. फ्लॅश पडला की सासऱ्यांचे डोळे मिटत. आमच्या लग्नाच्या अल्बममध्ये ते कन्यादान झोपेत करतायत, पंगत झोपेत वाढतायत आणि शेवटी मुलीला निरोपही झोपेतच देतायत.

सासूबाई, राहीबाई, एकच धरून बसल्या होत्या. "जावईबापू, मालकांनी उभ्या जन्मात माझ्याकडं धड तोंड वर करून बघितलं न्हाई. बोलायचे ते बैलाकडं बघून, न्हाईतर दाराकडं बघून. आता फोटूत तरी बघू द्या. समोरनं, डोळं उघडं असलेला फोटू पायजे."

औंधच्या पेंटरकडून काढून घ्यावा असं गावात सगळे म्हणत होते. मी उसळलो. म्हटलं, पेंटर अंदाजाने काढतो, मी गणिताने काढतो. मला फक्त एक डावीकडचा आणि एक उजवीकडचा फोटो आणून द्या, डोळे उघडे असलेला. विनोदिनीने माझ्याकडे नुसतं बघितलं. किटली तिला आठवली असणार.

पुढच्या आठवड्यात मेव्हणा, लालासाहेब, कराडला आला आणि त्याने ट्रंकेतून काढलेले दोन फोटो टेबलावर ठेवले. जुने, कात्रीने कापलेले, पिवळट. एकात सासरे तरुणपणी फेटा बांधून, मिशीला पीळ देऊन डावीकडे बघतायत. दुसऱ्यात तोच फेटा, तीच मिशी, उजवीकडे बघतायत.

"आईला दाखवलेस?" मी विचारलं.

"न्हाई. तिच्या डोळ्याचं ऑपरेशन झालंय, पट्टी हाय. आनि म्हनलं, एकदम दाखवू."

मला आनंदाने नाचावंसं वाटलं. दोन्ही फोटोंत उजेड तोच होता. दोन्हींच्या कापलेल्या कडेला जरीकाठाचा पडदासुद्धा तोच होता! म्हणजे एकाच दिवशी, एकाच स्टुडिओत, एकाच पडद्यापुढे काढलेले. पवईच्या लोकांनासुद्धा अशी सामग्री मिळत नाही. मी लालासाहेबला त्या पडद्याचं महत्त्व बराच वेळ समजावलं. तो "व्हय, व्हय" म्हणत चहा प्याला.

कामाला लागलो. ठिपके देत गेलो. डोळ्याचा कोपरा, कानाची पाळी, मिशीचं टोक. सगळं जुळलं, पण नाक काही केल्या जुळेना. या फोटोतलं नाक त्या फोटोतल्या नाकाशी पटवूनच घेईना. मी गणित तपासलं, बरोबर. कॉम्प्युटर तपासला, बरोबर. तेव्हा दोष त्या जुन्या फोटोग्राफरच्या भिंगाचा, असा निकाल मी दिला आणि दोन्ही नाकांना जबरदस्तीने एकत्र आणलं. मध्ये लाइट दोनदा गेली, मी महामंडळाला शिव्या घातल्या, पुन्हा बसलो. आणि संध्याकाळी मॉनिटरवर हळूहळू एक चेहरा उमटला. समोरून. डोळे टक्क उघडे, आणि थेट तुमच्याकडे रोखलेले.

खरं सांगतो, मी खुर्चीतून उठून उभा राहिलो. घरात वडील आले की उठतो तसा.

आमच्याकडचा प्रिंटर अक्षरंसुद्धा ठिपक्यांची छापायचा, त्याच्याकडून सासरे कुठले निघणार! मग खोलीत अंधार करून मॉनिटरचाच फोटो काढला आणि तो रोल घेऊन सांगलीला गेलो. तिथं माझ्या शाळेतल्या मित्राचा, बशीरचा, स्टुडिओ होता. त्याने मोठा करून दिला, फ्रेम केली आणि लांबून, जवळून बघत राहिला.

"गंगाधर, म्हातारा लय कडक होता काय रं?"

"छे. गरीब माणूस."

"मग हे डोळं कुणाचं?" असं म्हणून त्याने फ्रेम कागदात गुंडाळून दिली. मी ते कौतुक समजलो.

वर्षश्राद्धाच्या दिवशी सासुरवाडीच्या सोप्यात माणूस मावेना. कॉम्प्युटरने मेलेल्या माणसाचे डोळे उघडलेत, अशी बातमी पसरली होती आणि ती मी खोडून काढली नव्हती. चौरंगावर फ्रेम, तिच्यावर पांढरा रुमाल, आणि लालासाहेबने भक्तीच्या भरात रुमालावरूनच झेंडूचा हार घालून ठेवलेला. सासूबाई नवा चष्मा लावून पुढे बसल्या होत्या. शेजारी सासऱ्यांची धाकटी बहीण, सुलाबाई आत्या.

तेवढ्यात दारात कुजबुज झाली. हरिबाकाका आले होते!

हे सासऱ्यांचे पाठचे भाऊ. घर भिंतीपलीकडे, अबोला मात्र रामाच्या काळापासून. वाटणीच्या वेळी दोघांनी एकमेकांचं तोंड बघणार नाही अशी शपथ घेतली आणि दोघांनीही ती पाळली. समोरासमोर आले की एक पूर्वेला बघायचा, एक पश्चिमेला. आमच्या लग्नात काका आले नव्हते. भाऊ गेला तेव्हासुद्धा रस्त्यावर पाठ करून उभे होते आणि म्हणे पाठ हलत होती.

काका उंबऱ्याशीच बसले. "जित्तेपनी तोंड बघनार न्हाई म्हनलं व्हतं," ते जमिनीकडे बघत म्हणाले. "आता फोटूचं बघतो. त्येला बंदी न्हाई."

सगळ्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. माझ्याही आलं. मी मनात म्हटलं, गंगाधरा, हे तुझ्या गणिताने घडवलं. आणि पुढे होऊन हाराखालून रुमाल ओढला.

सगळ्या माना पुढे झाल्या.

सासूबाईंनी चष्मा काढला, पदराने पुसला, परत लावला. "आवं," त्या हळूच म्हणाल्या, "ह्ये कोन?"

मी घाईघाईने म्हणालो, "नानासो. तुमचे मालक. समोरून."

"मालक? आवं जावईबापू, म्या त्येंच्याबरं संसार केलाय. ह्ये कोन परकं मानूस हार घालून बशीवलंय माझ्या सोप्यात?"

लालासाहेब माझ्याकडे बघायला लागला. मी विनोदिनीकडे बघितलं. ती छताकडे बघत होती. मागून कुणीतरी "औंधचा पेंटर बरा व्हता" म्हणालं, ते मी ओळखून ठेवलंय.

आणि उंबऱ्यावरून एक आवाज आला. लहान मुलाने घाबरून मारावी तशी हाक.

"आबा!"

हरिबाकाका उठले. सत्तरी उलटलेला माणूस, फेटा काढून हातात घेतला आणि चौरंगापुढे आडवा झाला. "आबा, चुकलं आमचं. चुकलं!"

सुलाबाई आत्या सरकत पुढे गेल्या, फ्रेमला नाक लावून बघितलं आणि मटकन खाली बसल्या. "आबाच हायत. माझं आबा. अगं माय, फोटू नव्हता गं त्येंचा एकबी. कुटनं आनला ह्यो?"

आबा म्हणजे या तिघांचे वडील. गावात कॅमेरा यायच्या आधी गेलेले!

आता सांगा, घाम फुटेल की नाही? मी नानासोंना बोलवायला गेलो आणि आले त्यांचे वडील! मी काही बोलायच्या आत दुसराच गोंधळ झाला. "आबा" हा शब्द कानावर पडताच सासूबाईंनी झटकन पदर डोक्यावरून कपाळाखाली ओढला आणि उठून दाराआड गेल्या. सासऱ्यांपुढे सून बसेल कशी?

"आई, तू तरी ओळखायचंस ना!" विनोदिनी दाराआड डोकावून म्हणाली.

"मी कशी वळखू?" आतून आवाज आला. "सासऱ्याचं तोंड म्या कवा बगितलं? खाली मान घालून वाढायची मी. पाय दाव, पाय वळखते."

शेवटी मी लालासाहेबकडून ते दोन जुने फोटो मागून घेतले आणि आत्यांपुढे ठेवले. आत्यांनी डावीकडे बघणाऱ्यावर बोट ठेवलं. "ह्यो नाना." मग उजवीकडे बघणाऱ्यावर. "आनि ह्यो हरिबा."

"दोघं वेगळे?" माझा आवाज फाटला.

"मग? माझ्या लग्नातला फोटू हाय ह्यो. नुकतीच शपथ घेतल्याली दोघांनी. फोटूवाला म्हनला, भावांनो, बसा. बसले, पर ह्ये तिकडं बघत आनि त्ये हिकडं बघत. मग वाटनीत रान वाटलं, हीर वाटली, तवा फोटूबी कापला. हरिबाचा तुकडा हितंच ऱ्हायला, न्यायला पायरी कोन चढनार?"

त्या दोन नाकांचं का पटत नव्हतं, ते मला आत्ता कळलं.

तरी मी वाद घातला. सवय जात नाही. "पण आत्या, पडदा एकच आहे ना दोन्हींत, हा जरीकाठाचा..."

"पडदा?" आत्यांनी माझ्याकडे असं बघितलं की फोटोतले आबा परवडले. "त्यो माझा शालू हाय. मधी मी हुबी व्हते, नवरी. माझा तुकडा कुनालाच नको व्हता. काढून चुलीत घातलं मला."

 हरिबाकाका डोळे पुसत बसले होते, ते एकदम थांबले. गणित त्यांच्या डोक्यात शिरत होतं.

"म्हंजी ह्यातला अर्दा मी हाय?"

"हो काका. डावा गाल... म्हणजे साधारण."

"आनि ह्यो हार?"

मी हाराकडे बघितलं. लालासाहेबने धावत जाऊन तो काढला. काढताना घाईत म्हणाला, "अर्दाच घालतो परत, काका." कुणी हसलं नाही.

वाटलं, चला, निदान भाऊबंदकी तरी मिटली. काकांनी लालासाहेबच्या पाठीवर हात ठेवला, दोन्ही घरं रडली. पत्र्यावर ताटं घासल्यासारखा आवाज करत काकांनी नाक शिंकरलं आणि म्हणाले, "आता आबांना घरी नेतो."

"घरी म्हंजी?" लालासाहेब.

"माझ्या. आबा धाकट्यापाशीच जेवायचे."

"असं कसं? आमच्या जावयानं आनलंय त्येंना. हितंच ऱ्हातील."

"त्येंच्यात अर्दा मी हाय!"

"अर्दं माझं वडीलबी हायत की!"

आवाज चढला. बघता बघता काका पूर्वेला तोंड करून बोलायला लागले आणि लालासाहेब पश्चिमेला. आणि मागून कुणीतरी, देवाशपथ सांगतो, "कातर आना" म्हणालं.

सुलाबाई आत्या उठल्या. फ्रेम उचलली, पदरात गुंडाळली. "मधी कोन व्हतं?" त्या म्हणाल्या. "मी. मग मधला फोटू माझा." आणि दोघांच्या मधून, कुणाकडेही न बघता, त्या दाराबाहेर गेल्या. त्यांना अडवायची कुणाची छाती झाली नाही.

चौरंग रिकामा राहिला. पूजा तर व्हायचीच होती. सासूबाई दाराआडून बाहेर आल्या, सासरे गेलेत याची खात्री करून पदर मागे घेतला. मी त्यांच्यापुढे मान खाली घालून उभा होतो. ज्यांनी जन्मात एकच गोष्ट मागितली, त्यांना मी नवरा द्यायचा तो सासरा आणून दिला होता.

"आई," मी म्हटलं, "चूक झाली."

त्यांनी आमच्या लग्नाचा अल्बम मागवला, पानं उलटली आणि कन्यादानाचा फोटो काढून चौरंगावर ठेवला. सासरे समोर तोंड करून बसलेले, डोळे गच्च मिटलेले. सासूबाईंनी चष्मा सारखा केला आणि बराच वेळ बघितलं.

"ह्ये खरं," त्या म्हणाल्या. "तोंड तर माझ्याकडंच हाय." मग माझ्याकडे वळल्या. "आता ह्येंचं डोळं उघडायला जाऊ नगासा, जावईबापू. अजून कोन कोन येईल काय सांगावं."

परवा कॉलेजच्या ओळखपत्रासाठी माझा फोटो काढला. फ्लॅश पडला आणि माझे डोळे मिटले. फोटोवाला म्हणाला, "सर, दुसरा काढू?"

विनोदिनी शेजारीच उभी होती. म्हणाली, "नको, नीट आलाय."