सशांचं क्वार्टर

ढोबळेकाका कुठलीही नवी वस्तू आधी बसून पाहत. आमचं स्टूल, शेजाऱ्यांची पेटी, एकदा तर माझ्या बहिणीच्या रुखवतातला चौरंग. "लोड घेते का पाहू," म्हणायचे आणि नव्वद किलोंचा देह खाली सोडायचे. चौरंगानं लोड घेतला नाही.

काका भिलाईच्या प्लांटात क्रेन दुरुस्तीवर फोरमन. टाउनशिपमध्ये आमच्या खालच्याच क्वार्टरमध्ये राहत. मूलबाळ नव्हतं. काकू ते कधीतरी बोलून दाखवत, काका कधीच नाही. आमची लेक मंजू मात्र शाळेतून आली की दप्तर त्यांच्याकडेच टाकायची आणि जेवायला तेवढी वर यायची.

तिला मैत्रिणीनं सशांची जोडी दिली. वर अंगण नाही. बायकोनं हात जोडले. काका म्हणाले, "कावून रडून राहिली पोट्टी? माह्या अंगणात बांधतो ना घर."

मला वाटलं, रविवारी खोक्याला जाळी ठोकतील. काकांनी ड्रॉइंग काढलं. वर सशांच्या दोन खोल्या, जाळीचं दार, उतरतं छप्पर. खाली झाकणाचे दोन कप्पे, एक चाऱ्याचा आणि एक काकांच्या खुरप्या-झारीचा. पाय काँक्रीट ओतून जमिनीत पक्के.

"काका, ससे होत ते, हत्ती नाही," मी म्हटलं.

"आंधी आली त तू धरून बसशीन काय?"

घर झालं तरी गृहप्रवेश होईना. विश्वकर्मा पूजेआधी नवं मशीन चालू करायचं नाही, हा काकांचा प्लांटातला नेम. पूजा पंधरा दिवसांवर. तेवढे दिवस ससे आमच्या न्हाणीत राहिले आणि आम्ही पाळीपाळीनं काकांकडे आंघोळीला गेलो. पूजेला नारळ फुटला, मंजूनं फीत कापली, काकूंनी सशांपुढे बुंदी ठेवली. ती त्यांनी खाल्ली नाही.

महिन्याभरात दुसऱ्या कप्प्यात मंजूची भातुकली शिरली. खुरपं आणि झारी बाहेर गंजू लागली. एक पाना जागेवर नसला तर अख्ख्या शिफ्टला फैलावर घेणारे काका म्हणाले, "राहू दे. जागा तिचीच हाय."

दोन वर्षांनी टाउनशिपबाहेर कोहक्यात आमचं स्वतःचं घर झालं, अंगणासकट. सशांचं घर न्यायला चौघं लागलो, पण ते तसूभर हललं नाही. काकांना याचा केवढा अभिमान वाटायला हवा होता! पण ससे टोपलीत घालून त्यांनी मंजूच्या हातात दिले आणि पाठ फिरवून अंगणातला नळ बंद करू लागले. नळ बंदच होता. मला फार वाईट वाटलं.

पुढच्या रविवारी सकाळीच काका सायकलवर कोहक्यात हजर. कानावर पेन्सिल, खिशात टेप. टेपचं एक टोक मंजूला धरायला देऊन अंगण मोजू लागले.

"सशायले नवं घर बांधतो. पन तुही जागा तिरपी हाय. टाइम लागन."

जागा चांगली सपाट होती.

"किती लागन, काका?" मी विचारलं.

त्यांनी तीच बाजू पुन्हा मोजली. "सहा महिने त लागनच. दर रविवारी यावं लागन. चालन ना तुले?"

"साल लागलं तरी चालन," मी म्हटलं. "अन काकूले बी आनत जा. जेवालेच."