क्रंपपंत फीतनवीस यांचा पराक्रम

श्रीविद्युल्लतेचे चरणीं मस्तक ठेवून लिहिणार लिहितो ऐसेजे. शके १७६९, प्लवंगनाम संवत्सरीं, अमेरिका मुलखांत तारेचें एक नवें राज्य उभें राहिलें. खांब रोविले आणि खांबांवरून तांब्याची तार ओढिली आणि दोनशें कोसांची बातमी पापणी लवते न लवते तों येऊं लागली. राज्याचे धनी पेटनसाहेब महाप्रतापी. त्यांचे पदरीं ओबेडाया क्रंपपंत फीतनवीस. म्हणजे हाच लिहिणार, परंतु आपली फजिती आपल्या नांवें लिहवत नाहीं, म्हणून परक्यासारखी लिहितो. यंत्रानें खटखट करावी, टोचणीनें कागदाचे फितीवर ठिपके व रेघा उमटवाव्या आणि पंतांनीं त्या वाचून बातमी लिहावी, ऐसा शिरस्ता होता. पंत नाक फितीस लावून बसत आणि त्यांस वाटे कीं सारें राज्य या नाकावरच तोललें आहे.

मग ल्युक्रेशिया हॉब्जबाई चाकरीस आल्या. त्या फितीकडे पाहत नसत. विणकाम करीत खटखट ऐकत आणि बातमी बिनचूक लिहीत. पंतांचें पित्त खवळलें. बाईंचें चाललें तर फीत गेली, आणि फीत गेली तर आपली खुर्ची गेली, हें भय पोटांत. ओठीं मात्र राज्याची काळजी. साहेबांकडे जाऊन अर्ज केला कीं, "सरकार, बाई ऐकीव बातमी लिहितात. उद्यां भलतेंच ऐकलें तर अब्रू आपली जाईल." साहेब बोलिले, "दोघांनीं एकच बातमी घ्यावी. चुकेल त्यानें घरीं जावें."

मग दरबार भरला आणि पलीकडील ठाण्याहून चाळीस शब्द सुटले आणि बाई खिडकीबाहेर पाहत लिहित्या झाल्या आणि पंत फितीवर ओणवे होऊन घामाघूम लिहिते झाले. दोन्ही कागद ताडून पाहतां अक्षराचा फरक नाहीं. पंतांनीं मिशीस पीळ भरिला आणि म्हणाले, "सरकार, फीत आहे म्हणून राज्य आहे!" साहेबांनीं फीत उचलून उजेडास धरिली. तों बाराव्या शब्दापुढें कोरी! मळसूत्र ढिलें पडून टोचणी कागदास पोहोचतच नव्हती. खटखट तेवढी चालू होती. "क्रंप, पुढचे अठ्ठावीस शब्द कोठून वाचिलेत?" पंतांनीं फीत उलटून मागची बाजू पाहिली. मग बाईच हळू बोलिल्या, "पंत, तुम्हीही कानानेंच घेतां. कधींपासून, तें तुमचें तुम्हांस कळलें नाहीं, एवढेंच."

पंतांस फार लाज वाटली. आणि खरें सांगावें तर, आपल्या अंगीं असें कांहीं आहे याचा आनंदही जाहला. साहेबांनीं हुकूम केला कीं फीत बंद, आणि पंतांनीं बाईंचे हाताखालीं बसावें. उरलीं फितीचीं रिळें पंतांनीं मागून घेतलीं. ही हकीकत त्यांवरच लिहिली आहे, याकरितां लांबली आणि ओळ मोडायास जागा मिळाली नाहीं.

एवंच, या राज्यांत तलवार चालली नाहीं, रक्त सांडलें नाहीं. एका चाकरानें आपल्याच कानांवर फिर्याद केली आणि तो हरला, हें बरें जाहलें. पंतांचे आणखी गुण सांगावयाचे होते, परंतु फीत संपली.