अण्णांचं धावतं समालोचन

आमच्या सदाशिव पेठेतल्या इमारतीत टीव्ही सगळेच बघतात. अण्णा तो सांगतात. रोज दुपारी, नेमकी वामकुक्षीची वेळ साधून, महाभारताची मालिका लागते आणि अण्णांचा आवाज टीव्हीच्याही वर चढतो. "थोरले आले. चेहरा पडलाय. पीतांबर मात्र कालचाच!" ऐकायला घरात दुसरं कोणी नाही.

त्यांच्या लेखी ते धर्मयुद्ध वगैरे काही नाही, चुलतभावांची वाटणी आहे. "इस्त्रीची धोतरं नेसून कोणी लढतं का?" "बाण सुटलाय, पोचेल उद्यापर्यंत!"

शेजारच्या फ्लॅटमध्ये त्यांचे चुलतभाऊ बापू राहतात, तेही एकटेच. दोघांचं स्कूटर लावायच्या जागेवरून फाटलं. पुढे स्कूटरी भंगारात गेल्या, अबोला तेवढा राहिला.

तक्रारी वाढल्या, तेव्हा सोसायटीचा सेक्रेटरी म्हणून मला जावं लागलं.

"अहो अण्णा, आवाज जरा कमी करता का?"

"झोपायला रात्र दिली आहे, सेक्रेटरीसाहेब," म्हणत त्यांनी टीव्हीचा आवाज पार बंद केला. "झालं समाधान?"

त्यांचं बोलणं मात्र चालूच. मालिकेचा शेवट जवळ आला होता, गदायुद्ध रंगलं होतं. तेव्हा माझ्या लक्षात आलं की अण्णांची खुर्ची सामाईक भिंतीला टेकलेली आहे आणि ते ओरडताहेत तेही भिंतीकडेच.

"पलीकडे बापूची कॉट आहे," ते माझ्या कानाशी येऊन म्हणाले. "काचबिंदूनं दोन्ही डोळे गेले त्याचे. नुसतं ऐकून काय कळणार गाढवाला?"

"मग शेजारी जाऊन बसा की."

"न बोलावता?"

एरवी मी हसलो असतो. पण मला वाईट वाटलं.

पडद्यावर गदा बसली. थोरला कौरव मांडी फुटून कोसळला. अण्णांनी टीव्हीकडे पाठ फिरवली. मग भिंतीकडे तोंड करून मोठ्यानं म्हणाले, "टाकली रे गदा दोघांनी! मिठी मारली. राज्य निम्मं-निम्मं!"

पलीकडे कॉट करकरली. मग खोकला. मग बापूंचा घोगरा आवाज आला, "अण्ण्या, खोटारड्या! असं कुठं असतं रे?"

अण्णांनी शर्टाच्या बाहीनं डोळे पुसले.

"थांब, तिकडे येऊन सांगतो," म्हणाले, आणि मला घरात तसंच ठेवून अनवाणी बाहेर पडले.