नारबामामांची झील

आमच्या शेजारच्या नारबामामांनी उभ्या जन्मात वाक्याला सुरुवात अशी केलीच नाही. दुसऱ्याने म्हटलं की त्याचं शेपूट धरायचं, एवढंच. पालमच्या स्टँडवर कंडक्टर ओरडला, "चला, गंगाखेड!" की मामा लगेच सुरात, "गंगाखेऽड!" लोक वळून बघत. मामी करवादायच्या, "भांडायची सुदिक चोरी हाय! मी म्हणते मीठ संपलं, हे बी म्हणतेत संपलं. आता भांडावं कुणासंग?"

ही खोड महादेवाच्या देवळातल्या सोमवारच्या भजनाची. पुढे बसवंतआप्पा ओळ म्हणायचे, मागे मामा ती उचलून धरायचे. यालाच झील म्हणतात. पोरवयापासून मामांचं काम तेवढंच. "एखादं भजन तुम्ही सांगा की," म्हटलं की हात जोडत. "पयलं आप्पा, मागून आमी."

आप्पांचंही मामांवाचून पान हलत नसे. एकदा मामा तापाने फणफणले होते. आप्पांनी पहिलीच ओळ म्हटली, मागून आवाज आला नाही, तशी सगळी मंडळी उठवून मामांच्या खाटेभोवती आणून बसवली. मामांनी गोधडीतून झील धरली. त्या दिवशी आम्ही पोट धरधरून हसलो होतो.

गेल्या उन्हाळ्यात आप्पा गेले. मंडळी पांगली आणि देवळात पेनड्राइव्हवरचं भजन लागायला लागलं. मामा टाळ घेऊन भोंग्यासमोर बसले आणि लगेच उठून आले.

"काय झालं, मामा?"

"त्येच्यात झीलबी भरलेली हाय. आमाला जागाच न्हाई ठिवली."

मी हसलो. मामा हसले नाहीत.

आता कंडक्टर घसा फोडतो आणि मामा मुकाट चढतात. "मागून बोलत व्हते त्येबी बंद झालं," मामी म्हणतात. "घर खायला उठलंय."

परवा सोमवारी संध्याकाळी लाईट गेली, भोंगा बंद पडला, आणि देवळातून टाळ ऐकू आला. मामा एकटेच होते. झील धरायचे, थांबायचे, पुन्हा धरायचे. मला ते बघवेना. शेजारी बसलो आणि आठवली तशी पुढची ओळ मी म्हणायला लागलो.

मामांनी माझा हात दाबला.

"दमा जरा," ते हळूच म्हणाले. "आप्पा म्हणायलेत."

देवळात कसलाच आवाज नव्हता. मामा मान डोलवत ऐकत होते. मग ओळ संपली असावी, कारण त्यांनी डोळे मिटून झील धरली.