एकशे दोन फरश्या बँकेच्या

बँकेचं पत्र आलं तेव्हा मिस्त्री पलंगावर बसून गरम पाण्याच्या पिशवीने गुडघे शेकत होता. चोवीस वर्षं दुसऱ्यांच्या घरात टाइल्स बसवल्या की माणूस बाहेरून शेहेचाळीसचा दिसतो, पण त्याचे गुडघे कधीच निवृत्त झालेले असतात. मिस्त्रीने त्या गुडघ्यांना शब्द दिला होता. साठाव्या वर्षी घराचं कर्ज फिटणार, त्या दिवसापासून कुणाच्याही न्हाणीघरात टेकणं बंद. चौदा वर्षं फक्त कळ काढा, एवढंच तो त्यांना रोज सांगायचा.

पत्र त्याने दोनदा वाचलं आणि पिशवी बाजूला फेकून उभा राहिला.

"अगं, ऐकलंस का? कर्जाचं व्याज साडेआठ टक्क्यांचं सव्वादहा झालं. पण आपला हप्ता तोच! सतरा हजार तीनशे छप्पन्न. 'आपल्या हप्त्यात कोणताही बदल झालेला नाही, हे कळविण्यास आनंद होतो.' बघ, आनंद होतो म्हणतात. बँकेतही माणसं असतात."

बायको शाळेची व्हॅन चालवायची. सकाळची फेरी संपवून ती नुकतीच आली होती, किल्ली अजून बोटातच होती.

"उद्या पेट्रोल महागलं, आणि मी पालकांना पत्र लिहिलं की भाडं तेच ठेवते, मला आनंद होतोय, तर पालक काय म्हणतील?"

"देवमाणूस म्हणतील."

"वेडी म्हणतील. नाहीतर पोरांना लांबच्या रस्त्याने नेते म्हणतील. पत्र उलटं करा."

मिस्त्रीने उलटं केलं. बँकेला जे अभिमानाने सांगायचं असतं ते पुढे मोठ्या अक्षरात असतं. जे सांगावंच लागतं ते मागे, मुंगीने लिहिल्यासारखं. मागे लिहिलं होतं: उर्वरित मुदत, २१४ महिने.

"आधी किती होते?" बायकोने विचारलं.

"एकशे अडुसष्ट."

"म्हणजे शेहेचाळीस महिने वाढले. पावणेचार वर्षांच्याही वर. हप्ता तोच आहे हो, रस्ता लांबवलाय. चौसष्टाव्या वर्षी तुम्ही कुणाच्या तरी संडासात ओणवे असाल."

मिस्त्री पलंगावर परत बसला. मग त्याने बँकेला फोन लावला. अकरा मिनिटं सनई ऐकल्यावर एका मुलीचा आवाज आला.

"ताई, वीस लाखाचं कर्ज होतं. सहा वर्षं एकही हप्ता चुकवला नाही. साडेबारा लाख भरलेत. म्हणजे साडेसात राहिले ना?"

"नाही सर. सतरा लाख दोन हजार."

"अहो, मग माझे साडेनऊ लाख गेले कुठे?"

"व्याजात, सर. आणखी काही मदत करू शकते का?"

"नको," मिस्त्री म्हणाला. "एवढी पुरे."

टक्के, चक्रवाढ, मुद्दल या गोष्टी मिस्त्रीच्या डोक्यात कधी बसल्या नव्हत्या. त्या कुणाच्याच बसू नयेत अशीच त्यांची रचना असते. पण फरश्यांचा हिशेब त्याला झोपेतही यायचा. घराला सगळे मिळून पंचवीस लाख पडले होते. दोन बाय दोनच्या फरश्या घरात दीडशे, त्यानेच बसवलेल्या. म्हणजे एका लाखाला सहा. सहा वर्षांत मुद्दलात गेले तीन लाख, म्हणजे त्याच्या झाल्या अठरा फरश्या. अठरा फरश्या तो दुपारच्या जेवणाआधी बसवून मोकळा व्हायचा. इथे सहा वर्षं लागली होती.

त्याने पेटीतून खडू काढला आणि दारापासून अठरा फरश्या मोजून रेघ मारली.

"एवढं माझं," तो म्हणाला. "बाकीचं बँकेचं."

"थांबा," बायको म्हणाली. "सुरुवातीला रोख भरलेले पाच लाख कुणाचे होते?"

"तुझे."

"अकरा वर्षं व्हॅन चालवून साठवलेले. तीस फरश्या झाल्या. काढा रेघ. मला स्वयंपाकघर आणि खिडकीखालची जागा."

मिस्त्री न्यायाचा माणूस. त्याने तीस मोजून दिल्या. उरल्या एकशे दोन. त्या सगळ्यांवर त्याने खडूने 'बँ' लिहिलं. लिहिताना गुडघे कुरकुरत होते, तरी एकही सोडली नाही.

आईची खाट खिडकीपाशी होती. तिने चष्मा लावून खाली पाहिलं. "अरे, माझी खाट कुणाच्या हद्दीत?"

"दोन पाय सुनेच्या, दोन बँकेच्या."

"मग डोकं सुनेच्या बाजूला करते," आई म्हणाली. "ती सकाळी चहा तरी देते."

एवढ्यावर थांबलं असतं तर घरातली गंमत घरात राहिली असती. पण दुसऱ्या दिवशी बायकोने पुसल्या त्या फक्त आपल्या तीस फरश्या. मिस्त्रीच्या अठरा उपकार म्हणून पुसल्या.

"आणि पुढचं?"

"ज्याची फरशी त्याने पुसावी. साडेनऊ लाख घेतलेत, एक बाई ठेवायला काय होतं?"

मिस्त्रीला हे पटलं, आणि तिथेच सगळं बिघडलं. आठ दिवसांत खडूची गरजच उरली नाही. धुळीवरून कुणीही सांगितलं असतं की कोणाचं कुठे संपतं. 'बँ' वरचा दिवा गेला, तो तसाच राहिला. 'बँ' मधलं कपाट कुरकुरायला लागलं, त्याला कुणी तेल घातलं नाही. मग धुलाईयंत्रामागची नळी ठिबकायला लागली. यंत्र होतं 'बँ' मध्ये. मिस्त्रीने ठिबकताना पाहिलं. पाच मिनिटांचं काम होतं. पाना हातातच होता.

"बँकेची नळी," असं म्हणून त्याने पाना पेटीत टाकला.

ठिबक सुरू झाल्याच्या चौथ्या दिवशी खालच्या मजल्यावरचे पेन्शनर काका वर आले. त्यांच्या एका हातात भिजलेलं वर्तमानपत्र होतं, दुसऱ्या हातात बिस्किटांचा डबा.

"मिस्त्री, माझ्या छतातून पाणी येतंय. रोज सकाळी शब्दकोडं सोडवतो, आज आडवे शब्द सगळे वाहून गेले. आणि हे बघा." त्यांनी डबा उघडला. आत छताचा पोपडा होता, तळहाताएवढा.

"काका, वाईट वाटतं. पण ते पाणी आमचं नाही."

"मग कुणाचं?"

"बँकेचं," असं म्हणून मिस्त्रीने त्यांना खडू दाखवला, हिशेब सांगितला. काका निवृत्त होऊन बारा वर्षं झाली होती. इतक्या वर्षांत त्यांना कुणी धड भांडायला मिळालं नव्हतं. त्यांचा चेहरा उजळला.

"मग इथे काय करताय? बँकेत चला! डबा मी धरतो."

बायकोने व्हॅन काढली. पोरांच्या बुटक्या सीटवर मिस्त्री आणि काका गुडघे हनुवटीशी घेऊन बसले. आणि मिस्त्रीने वाटेत वहीच्या कागदावर बिल केलं: एकशे दोन फरश्यांची सफाई, एक दिवा, एक कपाट, एक नळी, काकांचं छत. दुरुस्तीत बँकेचा वाटा शंभरातले अडुसष्ट.

काचेच्या खोलीत कर्जवाले साहेब बसले होते. वय पस्तिशीचं. गळ्याला टाय इतका घट्ट की त्यांच्याकडे बघूनच घुसमटायला व्हायचं. त्यांनी बिल वाचलं, मग डब्यातला पोपडा पाहिला.

"हे काय आहे?"

"तुमच्या पाण्याने पाडलेलं माझं छत," काका म्हणाले.

"अहो, घर पूर्णपणे तुमचंच आहे," साहेब मिस्त्रीला म्हणाले.

"पूर्ण?"

"पूर्ण."

"मग उद्या विकतो."

"विकता येणार नाही. आधी आमची परवानगी, आमची बाकी."

"म्हणजे विकताना तुमचं, आणि गळताना माझं?"

साहेबांनी टाय सैल केला. "तसं नाही म्हणता येणार."

"मग कसं म्हणायचं ते तुम्ही सांगा," काका म्हणाले आणि खुर्ची ओढून आरामात बसले.

बायको पुढे झाली. "साहेब, बिल राहू दे. मला एकच सांगा. यांचं कर्ज आधी ठरलं होतं तसं साठाव्या वर्षीच संपवायचं असेल, तर महिन्याला किती भरायचं?"

साहेबांनी बोटं चालवली. "एकोणीस हजार एकशे चौदा. म्हणजे सतराशे अठ्ठावन्न जास्त."

"आणि पत्रात लिहिलंय तसं, तोच हप्ता भरत राहिलो तर?"

"काही अडचण नाही. फक्त शेवटपर्यंतचा हिशेब धरला तर…" त्यांनी पडद्याकडे पाहिलं आणि आवाज खाली आणला. "चार लाख शहाण्णव हजार जास्त जातील."

मिस्त्रीने वर पाहिलं. त्याचे ओठ हलत होते. पाच लाखच धरा. पाच सक तीस.

"तीस फरश्या," तो म्हणाला. मग बायकोकडे वळला. "अगं, तुझ्या सगळ्या."

व्हॅनच्या अकरा वर्षांचे पैसे, उन्हातान्हात, रडणाऱ्या पोरांना शांत करत मिळवलेले, ते एका आनंदाच्या पत्रात परत गेले असते. कुणी हिसकावले नसते. सह्या यांच्याच असत्या. वर आभारही मानले असते.

"हे पत्रात का नाही लिहीत?" बायकोने विचारलं.

"लिहिलं की लोक घाबरतात."

"आणि नाही लिहिलं की?"

"समाधानी राहतात," साहेब म्हणाले. एवढं बोलून त्यांनी तो वहीचा कागद पुन्हा एकदा वाचला. मग उठून त्यांनी काचेचं दार लावून घेतलं.

"मिस्त्री, एक विचारू? माझं घर चौसष्ट लाखांचं. फरश्या तीनशे वीस. पन्नास लाखाचं कर्ज, तीस वर्षांसाठी. दोन वर्षांत सव्वानऊ लाख भरलेत. मुद्दलात गेले ऐंशी हजाराला थोडे कमी. हप्त्यांतून माझ्या किती झाल्या?"

"तुम्हाला लाखाला पाच पडतात," मिस्त्री म्हणाला. "चार. त्याही पुऱ्या नाहीत."

"चारच?"

"नवरा-बायको नीट उभे राहाल. पाहुणा आला तर बँकेला विचारा."

साहेब खुर्चीत मागे टेकले. "मलाही तेच पत्र आलंय. हप्त्यात बदल नाही म्हणून. घरी जाऊन बायकोला सांगितलं, बघ, बँक स्टाफची काळजी घेते."

"पत्राखाली सही कुणाची होती?" काकांनी विचारलं.

"माझीच."

काका इतके हसले की डब्यातल्या पोपड्याचे दोन तुकडे झाले. साहेब आधी लाजले, मग त्यांनाही हसू आवरेना. हसता हसता त्यांनी दोन अर्ज काढले, हप्ता वाढवून मुदत होती तेवढीच ठेवण्याचे. एक मिस्त्रीसमोर सरकवला, दुसऱ्यावर स्वतःचं नाव लिहिलं. मग पेनाचं टोपण लावत म्हणाले, "माझ्या स्वयंपाकघरातल्या काही टाइल्स पोकळ वाजतात. बघाल का येऊन? दिवसाचा रोज मात्र जरा कमी लावा."

"लावतो की," मिस्त्री म्हणाला. "रोज कमी, दिवस जास्त."

साहेबांनी निमूटपणे पूर्ण रोज कबूल केला.

बिल बँकेने दिलं नाही, ती देणारही नव्हती. मिस्त्रीने घरी येऊन नळी बसवली, पाच मिनिटांत. काकांचं छत त्याने फुकट करून दिलं, पण काकाच त्यावर खूश नव्हते. भांडण इतक्या लवकर मिटेल असं त्यांना वाटलं नव्हतं. बायकोने बादली भरून सगळं घर पुसलं. 'बँ' निघता निघेना, तिसऱ्या पाण्याला गेलं.

सतराशे अठ्ठावन्न कुठून आणायचे, यावर जेवताना बोलणं झालं. मिस्त्री म्हणाला, महिन्यातले दोन रविवार कामाला जाईन.

"गुडघ्यांसाठी कर्ज लवकर फेडायचं, आणि त्यासाठी गुडघेच झिजवायचे?" बायको म्हणाली. "काही नको. शिकवणीची पोरं सोडायला मी संध्याकाळची एक फेरी धरते. त्या गल्लीतल्या आया कधीच्या मागे लागल्यात."

"मग त्या पैशाच्या फरश्या तुझ्याच नावावर."

"धरा. पण बसा त्यावर तुम्ही."

वाढलेला पहिला हप्ता गेला त्या रविवारी मिस्त्री कागद-पेन्सिल घेऊन बसला होता.

"काय निघालं?" बायकोने विचारलं.

"पाव फरशी. आणि वर चिमूटभर."

"एवढीशी?"

"जुन्या हप्त्यात याच्याही निम्म्यापेक्षा थोडीच जास्त मिळाली असती. कुठली धरायची?"

बायकोने खोलीभर नजर फिरवली. खिडकीतून ऊन येऊन पडत होतं तिथे तिने सतरंजी टाकली. "ही. इथे टेकायचं नाही, ओणवं व्हायचं नाही. इथे नुसतं बसायचं."

मिस्त्री बसला. ऊन बरोबर गुडघ्यांवर येत होतं. भिंतीला पाठ टेकून त्याने पाय हळूहळू लांब केले, पार कपाटापर्यंत.

आईने खाटेवरून चष्मा सावरला. "अगं, पाव फरशी म्हणालात ना? हा तर तीन-चार फरश्यांवर पसरलाय."

"पसरू दे, आई," बायको म्हणाली. "बाकीच्या फरश्यांचं व्याज आपणच भरतोय."