पुंगोलचे राजबैल

१० मे, रविवार. सकाळी मी डबल बेडच्या पांढऱ्या चादरीला इस्त्री करत होते. ही चादर माझा नवरा अविनाश दहा वाजता धोतर म्हणून नेसणार होता आणि इमारतीखालच्या बागेत उभा राहून शंख फुंकणार होता. कारण आमचे शेजारी गजभिये सर यांचे दोन बैल त्या दिवशी वर्षाचं भाकीत करणार होते. बैल म्हणजे गिनीपिग. सिंगापूरच्या सरकारी फ्लॅटमध्ये बैल पाळता येत नाहीत, गिनीपिग येतात. सरांच्या मते फरक फक्त आकाराचा आहे.

"चादरीला काठ नको हं ताई," सर दारात येऊन दोनदा सांगून गेले. "थाय दरबारातले ब्राह्मण पांढरं शुभ्र नेसतात."

गजभिये सर नागपूरचे. शाळेत इतिहास शिकवला, मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झाले. बायको वारल्यावर मुलाने त्यांना इकडे, आमच्या पुंगोल वस्तीत आणलं. मुलगा आणि सून दोघंही संशोधक. सकाळी जातात ते दिवेलागणीनंतर उगवतात. नात यशोधरा. चार वर्षांपूर्वी तिला शाळेत शेजारच्या देशांवर प्रकल्प होता आणि वाट्याला थायलंड आलं. आजोबांनी मदत केली. यशूचा प्रकल्प पंधरा दिवसांत संपला. आजोबांचा अजून चालू आहे.

थाय लोक प्रत्येक वाराला एक रंग मानतात, म्हणून सर सोमवारी पिवळा टीशर्ट घालतात, मंगळवारी गुलाबी, बुधवारी हिरवा. गुरुवारी नारिंगी सर दिसले की मी चादरी धुवायला टाकते. कॅलेंडर बघायची माझी सवय गेली.

बँकॉकचं खरं नाव फार लांबलचक आहे. ते सरांना पाठ आहे आणि ते लिफ्टमध्ये म्हणतात. चौदाव्या मजल्यावर सुरू केलं की तळमजल्यावर संपतं. मध्ये कुणी चढलं तर पुन्हा पहिल्यापासून. निम्मे शब्द संस्कृतातून आलेले, त्यामुळे नवव्या मजल्यावरच्या तमिळ आजी हात जोडून उभ्या राहतात. शेवटी "प्रसाद नाही?" असंही त्यांनी एकदा विचारलं.

माणसं सर छत्रीवर मोजतात. अभिषेक झालेल्या थाय राजाच्या डोक्यावर नऊ थरांची पांढरी छत्री असते, न झालेल्याच्या सात. इथल्या महाराष्ट्र मंडळाचे नवे सेक्रेटरी भाषण करत होते, तेव्हा सर माझ्या कानात म्हणाले, "सातच थर आहेत अजून. वेळ लागेल." मंडळातल्या लाडूवाटपापासून लिफ्टच्या रांगेपर्यंत कशावरही त्यांचा एकच शेरा असतो, "दरबारात असं चालत नाही जी."

दरबाराचं एवढं वेड असलेला माणूस, पण मुहूर्त, पत्रिका, मांजर आडवं जाणं यांच्या नावाने आग ओकणारा. तीन पिढ्यांत घरात पंचांग नाही. मी एकदा विचारलं, मग बैलांचं भाकीत कसं चालतं?

"ते ज्योतिष नाही ताई, राज्यशास्त्र आहे. दर मे महिन्यात राजाच्या समोर नांगरणी होते. मग बैलांपुढे सात वाट्या ठेवतात. भात, मका, मूग, तीळ, गवत, पाणी आणि दारू. बैल काय खातो त्यावरून वर्ष कसं जाणार ते सांगतात. शेतकऱ्याला धीर येतो, तो पेरणी करतो. धीर देणं हे राजाचं काम आहे."

"आणि सगळी पूजा तिथले ब्राह्मण करतात ना?"

"करतात," सर खुशीत म्हणाले. "राजाने त्यांना कामाला लावलंय. हा भाग मला विशेष आवडतो."

आता अविनाशचं सांगते. मार्चमध्ये त्याची नोकरी गेली. एका दिवशी बोलावलं, लॅपटॉप ठेवून घेतला, दाराशी सोडलं. आम्ही पीआर, म्हणजे इथले कायमचे रहिवासी आहोत, त्यामुळे लगेच देश सोडायचा प्रश्न नव्हता, आणि माझ्या गणिताच्या ट्यूशन चालतात. मला पैशांची भीती वाटत नव्हती. भीती अविनाशची वाटत होती. तो सोफ्यावर बसला तो बसलाच. दाढी नाही, कपडे बदलणं नाही. अर्ज पाठवणं आठवड्यात थांबलं. त्याच्या हट्टापायी आम्ही कुणाला सांगितलं नव्हतं, साताऱ्याला त्याच्या आईलाही नाही. शेजाऱ्यांनी विचारलं की मी म्हणायचे, घरून काम चालू आहे.

अशात एप्रिलमध्ये गजभिये सर जांभळा टीशर्ट घालून आत आले आणि सोफ्यासमोर उभे राहिले.

"जोशी साहेब, मला एक ब्राह्मण पाहिजे."

अविनाशने मान वर केली. बऱ्याच दिवसांनी केली.

"कशाला?"

"राजपुरोहित म्हणून. माझ्या आयुष्यात मी कुठल्या कामाला ब्राह्मण बोलावला नाही, पण दरबाराचा नियम आहे, शंख ब्राह्मणच वाजवतो. माझा नाइलाज आहे."

"सर, मला साधी संध्यासुद्धा येत नाही."

"उत्तम. तुम्हाला फक्त फुंकायचंय."

"आमच्याकडे शंख नाही," मी म्हटलं. मला ही ब्याद घालवायची होती.

"शंख मी आणलाय," म्हणून त्यांनी तो पिशवीतून काढून अविनाशच्या मांडीवर ठेवला. "उद्या सकाळी सात. इथे फुंकलात तर मजला तक्रार करेल, म्हणून कालव्याच्या पाण्याकडे जाऊ. आणि दाढी करून या. दरबारात असं चालत नाही."

मी चिडले होते. घरात संकट असताना हे खूळ कोण पोसणार? पण दुसऱ्या दिवशी सातला बेल वाजली. दाढी नव्हती, म्हणून सर दारातच उभे राहिले, हलेनात. शेवटी अविनाश शिव्या घालत बाथरूममध्ये गेला.

पहिले काही दिवस शंखातून नुसती हवा यायची. मग खोकला लागलेल्या म्हशीसारखा आवाज यायला लागला. एके दिवशी अविनाश घरात शिरला तोच हसत. शंख पहिल्यांदा खणखणीत वाजला आणि कालव्यातली पाणमांजरं एकदम माना वर काढून उभी राहिली म्हणे. "सगळी माझ्याकडेच बघत होती," असं तो चहा पिताना मला तीनदा म्हणाला.

तर रविवारी दहा वाजता आम्ही खाली गेलो. बागेत लॉटरीने मिळालेला सरांचा एक वाफा आहे, तेच राजाचं शेत. सर लाल टीशर्टात. पांढऱ्या चादरीतला अविनाश त्यांच्या उजव्या हाताला. यशूने बैलांना नांगराला जुंपायची साफ बंदी केली होती, म्हणून नांगर, म्हणजे स्टीलचा काटा, सरांनीच वाफ्यातून तीनदा फिरवला. बैल पिंजऱ्यात बसून देखरेख करत होते.

मग सरांनी घडी घातलेल्या तीन कापडांतून एक उचललं. कापडाच्या लांबीवरून पाऊस कळतो. सिंगापुरात पाऊस कुठल्याही कापडाला येतो, त्यामुळे हे भाकीत कधी चुकत नाही.

शंख वाजला. चांगला वाजला. वरच्या मजल्यांवरून माणसं डोकावली. सात वाट्या मांडल्या. सर पंचशील पाळणारे, त्यामुळे दारूच्या वाटीत पाणीच होतं. पाण्याच्या वाटीतही पाणीच होतं. फरक चिठ्ठीत होता.

बैल सोडले. दोघांनी भाताकडे पाहिलं नाही, मक्याकडे पाहिलं नाही. सरळ धावत जाऊन दारूच्या वाटीत तोंड घातलं.

"दारू!" सर गरजले. "परदेशी व्यापार वाढणार! दळणवळण सुधारणार! नोकऱ्या निघणार!"

नोकऱ्यांचं थायलंडमध्येही म्हणतात का, मला शंका आहे. हे वाक्य म्हणताना सरांनी अविनाशकडे अजिबात पाहिलं नाही.

तेवढ्यात यशू वाटीवर वाकली. "आजोबा! यू पुट कॅप्सिकम इन्साइड! चीटिंग, लाह!"

"दरबाराची गुपितं प्रजेला सांगू नयेत," सर म्हणाले.

"दे ऑल्वेज गो फॉर कॅप्सिकम! धिस इज नॉट प्रेडिक्शन!"

शेजारच्या इमारतीतल्या मिसेस टॅन पुढे आल्या. "अंकल, गॉट लकी नंबर ऑर नॉट?"

राजबैल लॉटरीचे आकडे सांगत नाहीत, असं सरांनी त्यांना इंग्रजीत गंभीरपणे समजावलं. त्यांनी वाटीतले ढोबळी मिरचीचे उरलेले तुकडे मोजले आणि समाधानाने निघून गेल्या. चादर सावरत अविनाश यशूशी वाद घालत होता, की बैलांना काय आवडतं हे राजाला माहीत असणं हीसुद्धा विद्याच आहे. मार्चपासून मी त्याला कुणाशी भांडताना पाहिलं नव्हतं.

मी आणि सर बागेच्या नळावर वाट्या धुवायला गेलो.

"सर, तुम्हाला कधी कळलं?"

त्यांनी काय कळलं ते विचारलं नाही. "तुमच्या दाराबाहेर बुटांचा रॅक आहे ना ताई. साहेबांचे काळे बूट रोज बघतो मी येता-जाता. धूळ चढायला लागली."

"घरून काम करणाऱ्याच्या बुटांवरही चढते."

"चढते. पण तो माणूस संध्याकाळी सपाता घालून तरी खाली उतरतो. सपाताही हलल्या नाहीत."

मी वाटी घासत राहिले. ते मुगाचे दाणे वेचून डबीत भरत होते.

"माझे बूट तर अजून नागपूरच्या पिशवीतच आहेत," ते म्हणाले. "आलो तेव्हा कोणी मला काही करू देईना. बसा बाबा, आराम करा बाबा. पस्तीस वर्षं घंटा वाजली की मुलं रांगेत उभी करणारा माणूस मी. इथे घंटाच नाही. दिवसभर पंखा बघायचा. मग ही पोरगी एकदा पिंजरा घेऊन आली आणि म्हणाली, आजोबा, यू आर इन चार्ज. मला शाळा आहे." ते हसले. "रिकामा माणूस फार लवकर खचतो हो ताई. त्याला काहीतरी पद द्यावं. मग ते खोटं का असेना."

मी म्हटलं, "सर, आज आमच्याकडे जेवायला या. वांग्याची भाजी आहे."

"दोन माणसांची असेल."

"वाढवीन."

ते जेवायला आले. राजाच्या जेवणाला दरबारी भाषेत वेगळा शब्द आहे, तो त्यांनी आम्हाला पोळी मोडताना दोन-तीनदा म्हणायला लावला. जाताना अविनाशला म्हणाले, "उद्या सात. सराव सोडायचा नाही." अविनाशने "हो सर" म्हटलं, शाळकरी मुलासारखं.

सोमवारी सकाळी ते दोघं पाण्याकडे गेल्यावर मी साताऱ्याला सासूबाईंना फोन लावला. अविनाशची नोकरी गेली आहे आणि ती मार्चमध्येच गेली, हे सरळ सांगितलं.

त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "आत्ता काय करतोय तो?"

"शंख शिकतोय," मी म्हटलं.

मग त्यांनी विचारलं, "एकटाच?"

"नाही," मी म्हटलं. "एकटा नाही."

"मग ठीक आहे," त्या म्हणाल्या, आणि आज भाजी काय करणार ते विचारलं.