वेंडेलबाबांची गुळगुळीत वाट

"ही सुरी आता उभा केस चिरेल!" वेंडेलबाबांनी जाहीर केलं.

रविवार होता. कोंबडीचं सूप आटोपलं होतं, खसखशीचा रोल अर्धा उरला होता, आणि वेंडेलबाबा लेकीच्या स्वयंपाकघरात पावाची सुरी स्केटच्या साच्यात आवळून तिच्यावर धारेचा दगड फिरवत बसले होते. त्यांच्या बर्फावरच्या स्केटिंगच्या शर्यती कधीच संपल्या होत्या. हातांना ते कुणी कळवलंच नव्हतं. घासायला स्केटची पाती नाहीत म्हटल्यावर त्यांनी सुऱ्या धरल्या, मग विळे, आणि एकदा तर शेजाऱ्याचं फावडं!

एमोके भांडी पुसत होती. ती गावच्या वाचनालयात कामाला होती आणि घरीसुद्धा असं बोलायची, जणू पलीकडच्या खोलीत कुणीतरी वाचत बसलंय.

"बाबा, मागच्या वेळी तुमच्या सुरीनं पावाबरोबर खालची फळीही कापली."

"फळीच भुसभुशीत! साऱ्या यासबेरेन्य गावात माझ्यासारखी धार लावणारा दाखव एक!"

"आणि तुमच्यासारखा जिंकणारा?"

बाबा हसले. हा टोमणा गावात सगळ्यांचाच होता. शॉर्ट ट्रॅकची शर्यत म्हणजे अंगणाएवढ्या बर्फावर पाच जण सुरीसारख्या पात्यांवर उभे राहून डावीकडे, फक्त डावीकडे वळत धावतात. वेंडेलबाबा आयुष्यभर असे वळले, की बाजारातून घरी येतानाही ते उजवं वळण टाळून गावाला वळसा घालत. युरोपच्या अंतिम फेरीत ते पाचवे होते. पाचांत पाचवे! शेवटच्या वळणावर पुढचे चौघे एकमेकांत अडकले, गाद्यांच्या भिंतीत जाऊन रचले गेले, आणि वेंडेलबाबा त्यांच्या आतल्या बाजूनं, फिरायला निघाल्यासारखे, रेषा ओलांडून गेले. सुवर्णपदक! दुसऱ्या दिवशी खाटकानं त्यांना सॉसेजची अख्खी माळ दिली. "घ्या वेंडेल, बाकीची गिऱ्हाइकं पडली!"

"उभं राहणं काय फुकट येतं?" बाबा म्हणाले. "पण एक राहिलं बघ. सगळं स्टेडियम ओरडत होतं. हॉयरा, वेंडेल! हॉयरा! पुढे हो! आमच्या रिले संघातल्या बोडोगचा तर घसा बसला. आणि माझी पोर पहिल्या रांगेत पुस्तक धरून गप्प!"

"मी बघत होते, बाबा. पुस्तकाच्या वरून."

"बघायला काय, मांजरही बघतं!"

"एवढ्या गोंगाटात माझा आवाज तुम्हाला ऐकू तरी आला असता?"

"मला आला असता," असं म्हणून त्यांनी धारेवरून अंगठा फिरवला. अंगठा कापला! सुरीला खरंच चांगली धार लागली होती. मग पट्टी शोधण्यात विषय राहून गेला. जाताना दारातून म्हणाले, "पुढच्या रविवारी कात्र्या काढून ठेव."

सोमवारी सकाळी बुटाची नाडी बांधता बांधता वेंडेलबाबा गेले. एक बूट बांधून झाला होता, दुहेरी गाठ मारून.

एमोकेनं सगळं नीट ठरवलं. बँड नको, भाषण नको, आरडाओरडा नको. चॅपेलपासून कबरीपर्यंत चाकांच्या गाडीवरून शवपेटी जाईल, पाद्री किलियान पुढे चालतील, पाव तासात सगळं शांतपणे होईल. फक्त बाबांच्या रिले संघातले तिघे, बोडोग, ग्यारफाश आणि लोरिंत्स, येऊन म्हणाले, "गाडी आम्ही ढकलणार. आयुष्यभर त्यानं आम्हाला ढकललं!" रिलेत मागचा पुढच्याला कमरेवर हात देऊन ढकलतो, हे खरंच होतं. तिला नाही म्हणवेना.

इथंच चूक झाली.

दफनाच्या दिवशी एमोके चॅपेलच्या दारात आली आणि थांबली. कबरीकडे उतरणारी वाट चमकत होती. झाडावरच्या कावळ्यांना वाटेत आपलं तोंड दिसत असावं.

"बोडोग काका," ती हळू आवाजात म्हणाली, "वाटेला काय झालं?"

"दुरुस्त केली!" बोडोगची छाती फुगली. "काल बघितली तर नुसती खडबडीत! चिखलातली पावलं गोठून दगड झालेली. वेंडेलला केवढे धक्के बसले असते! म्हणून पहाटेच बादल्यांनी कोमट पाणी ओतलं. रिंकवर बर्फ गुळगुळीत करायला ओततो तसं."

"अहो काका, लोक अशा वेळी पाय घसरू नयेत म्हणून राख टाकतात!"

"राख?" ग्यारफाश दचकला. "मग पात्यांची धार जाईल की!"

पाती कुणाच्याच पायात नव्हती, पण हे सांगायला उशीर झाला होता. घंटा वाजली. पाद्री किलियान प्रार्थनेचं पुस्तक उघडून एक पाऊल पुढे आले, आणि दुसरं पाऊल त्यांचं त्यांनाच सापडलं नाही. ते बसले, आणि बसल्या बसल्या, अतिशय सन्मानानं, उताराला लागले.

"फादर!" एमोकेच्या वाचनालयातल्या मुख्य बाई त्यांना धरायला धावल्या. बाईंना खाटकानं धरलं, खाटकाला त्याच्या बायकोनं, आणि सगळी माळ वाटेवर ओवली गेली. एमोकेनं वळणावरच्या अक्रोडाच्या झाडापर्यंत कशीबशी घसरत जाऊन त्याला मिठी मारली.

मागून गाडी सुटली!

"धरा!" बोडोग ओरडला. तिघांनी धरली, पण ती त्यांनाच घेऊन निघाली. मग वळण आलं, डावीकडचं, आणि तीन पिकलेली माणसं एकदम खाली वाकली. गुडघे दुमडले, डावे हात बर्फाला टेकले. काळ्या कोटांतले तीन म्हातारे वेंडेलला घेऊन असे वळले, की एमोके श्वास घ्यायला विसरली.

"आतून! आतून घे त्याला!"

वळण संपलं आणि बळही संपलं. लोरिंत्स पडला. ग्यारफाशनं पडता पडता ढकललं. बोडोगनं शेवटचा धक्का दिला, अगदी रिलेतल्यासारखा दोन्ही हातांनी, आणि पोटावर आपटला.

आता गाडी एकटीच चालली होती. पुढे बर्फावर सारं गाव पसरलेलं, आणि मधून वेंडेलबाबा सरळ, संथ. वाटेत त्यांनी पाद्रीबुवांना मागं टाकलं, आतल्या बाजूनं.

"नियमात आहे," बोडोग धापा टाकत म्हणाला. "कुणाला स्पर्श नाही."

कुणी हसलं नाही. खाली वाट सपाट झाली होती आणि गाडीचा वेग उतरत होता. कबरीपाशी फुलांची रेघ होती. गाडी तिच्या अलीकडे रेंगाळली.

"राहतंय," ग्यारफाश पुटपुटला. "अगदी थोडक्यात राहतंय, रे!"

सगळ्या दफनभूमीत उभी अशी एमोके एकटीच होती. तिचे ओठ हलले.

"पोरी," बोडोगनं बर्फावरूनच मान वळवली, "एवढ्यानं त्याला काय ऐकू जाणार?"

एमोकेनं झाड सोडलं. छाती भरून श्वास घेतला, आणि अक्रोडावरचे सगळे कावळे एकदम उडाले.

"हॉयरा, बाबा! हॉयरा!"